तिचे डाग आवडतात, हे तिला सांगावे का?

पत्र

माझे वय 31 आहे. मी मूळचा सांगलीचा असून नोकरीनिमित्त पुण्यात राहतो. अंगावर कोड असलेली त्वचा मला पूर्वीपासून सुंदर वाटते. लहानपणी आमच्या वाड्यात राहणाऱ्या एका काकूंच्या हातांवर असे डाग होते आणि त्या रांगोळी काढू लागल्या की मी रांगोळी सोडून त्यांचे हातच पाहत बसे. वर्षभरापूर्वी माझी एका मुलीशी ओळख झाली. ती महाविद्यालयात गणित शिकवते. तिच्या दोन्ही हातांवर, पापण्यांभोवती आणि ओठांच्या कडेला कोड आहे. आम्ही लग्न करायचे म्हणतो आहोत. मध्यंतरी ती मला म्हणाली, ‘‘तू फार मोठ्या मनाचा आहेस. मला पाहायला आलेली माणसे पोहे अर्धे टाकून उठायची.’’ मी त्यावर काहीच बोललो नाही. तिचे डाग मला नुसते चालतात असे नाही, ते आवडतात, हे तिला सांगावे की नाही ते कळत नाही. एका जवळच्या मित्राला सांगितले तर तो म्हणाला, ही विकृती आहे. आईला वाटते की मी दयेपोटी हे लग्न करतो आहे. शिवाय माझ्या धाकट्या बहिणीचे लग्न व्हायचे आहे. मागच्या महिन्यात एका समारंभाला जाताना माझी मैत्रीण डाग झाकणारे क्रीम लावत होती, तेव्हा ‘कशाला लावतेस?’ असे मी म्हणालो, तर ती दिवसभर गप्प होती. ती सध्या प्रकाशोपचारही घेते आहे. खरे सांगायचे तर तिने ते घेऊ नयेत असे मला मनातून वाटते.

उत्तर

तुमची आवड विकृत आहे का, ती मैत्रिणीला सांगावी का आणि आईची समजूत कशी घालावी, असे तीन प्रश्न तुमच्या पत्रात आहेत. जो चौथा प्रश्न खरोखर अवघड आहे, तो मात्र तुम्ही विचारलेलाच नाही. शेवटच्या ओळीत नुसती कबुली देऊन तुम्ही पत्र संपवले आहे. त्या ओळीकडे मी येणारच आहे, पण आधी मित्राचा शब्द बाजूला करू.

शरीराच्या एखाद्या वैशिष्ट्याची ओढ वाटणे हा मानसिक आजार नाही. कुणाला मोठे नाक आवडते, कुणाला अकाली पिकलेले केस, कुणाला आपल्याहून हातभर उंच असलेली जोडीदारीण. अशी ओढ स्वतःच्याच जिवाला छळू लागली, दुसऱ्याच्या इच्छेविरुद्ध त्याच्यावर लादली जाऊ लागली, किंवा तिच्यापायी समोरचे माणूसच दिसेनासे झाले, तर मानसोपचारतज्ज्ञाचा दरवाजा ठोठवावा. यांपैकी पहिले तुमच्या बाबतीत दिसत नाही. मित्राने शब्द वापरेपर्यंत तुम्ही त्या ओढीसह सुखाने जगत होता. उरलेल्या दोन गोष्टींविषयी मात्र थोडे थांबून बोलायला हवे.

ही आवड काकूंच्या हातांपासून आली असेल, असे तुम्ही काहीसे अपराधी सुरात लिहिले आहे, जणू तिचा उगम सापडला म्हणजे तिचा गुन्हाही सिद्ध झाला. आली असेल तिथून, किंवा आली नसेल. गंमत अशी की ‘मला गोऱ्याच मुली का आवडतात?’ असे विचारणारे पत्र या सदराकडे येत नाही. त्या आवडीचा उगम तर ढळढळीत समोर आहे: 1975 साली बाजारात आलेल्या आणि 2020 साली नावातला गोरेपणा काढून टाकलेल्या एका प्रसिद्ध क्रीमच्या जाहिराती पाहत आपल्याकडच्या किमान दोन पिढ्या मोठ्या झाल्या. वधूवर सूचक मंडळांच्या छापील अर्जांत गोरा, निमगोरा, गव्हाळ, सावळा असे वर्णाचे रकाने वर्षानुवर्षे भरले गेले आणि ते भरताना कुणाला संकोच वाटला नाही. त्याही मागे गेलात तर याच महाराष्ट्रात लग्न झालेल्या स्त्रिया दातवण लावून दात काळे करीत आणि ते सौंदर्याचे लक्षण मानले जाई. जपानी उच्चकुलीन स्त्रियाही एकोणिसाव्या शतकापर्यंत तेच करीत. सगळ्यांची आवड कुठून ना कुठून आलेलीच असते. बहुसंख्यांच्या आवडीला हिशेब मागितला जात नाही आणि तुमच्या आवडीला मागितला जातो, इतकाच काय तो फरक आहे. तेव्हा स्वतःला ती समजावून सांगण्याचा खटाटोप तुम्ही आता सोडून द्या.

आता समोरचे माणूस दिसेनासे होण्याविषयी. तुमचे मूळ पत्र बरेच लांब होते. वर छापताना ते आखडते घ्यावे लागले. त्यात तिच्या हातांचे वर्णन दीड पान होते. डागांच्या कडा कशा आहेत, उन्हात त्या कशा दिसतात, डाव्या भुवईतले कोणते केस पांढरे झाले आहेत, हे सारे तुम्ही मन लावून लिहिले आहे आणि चांगले लिहिले आहे. ती गणित शिकवते, हे मात्र एका वाक्यात आटोपले आहे. ती कशावर चिडते, कुणाशी भांडते, तिला कोणता विद्यार्थी डोक्याला ताप वाटतो, लग्नानंतर तिला कुठे राहायचे आहे, यांतले काहीही पत्रात नाही. कदाचित अडचणीचा विषय तोच असल्यामुळे तुम्ही तेवढेच लिहिले असेल आणि बाकीचे तुम्हाला तोंडपाठ असेल. तसे असेल तर काळजीचे कारण नाही. पण एकदा शांतपणे स्वतःला विचारून पाहा की वर्षभरात तिच्या बोलण्यातले तुमच्या लक्षात काय काय राहिले आहे. कॅनडाची मॉडेल विनी हार्लो हिला लहानपणापासून कोड आहे. 2014 साली दूरचित्रवाणीवरील मॉडेलिंगच्या एका अमेरिकी स्पर्धेतून ती जगापुढे आली. पुढे लोक तिला कौतुकानेच ‘कोड असलेली मॉडेल’ म्हणू लागले, तेव्हा आपण मॉडेल आहोत आणि आपल्याला कोड आहे, या दोन गोष्टी वेगवेगळ्या आहेत, असे तिने जाहीरपणे सुनावले. कौतुकसुद्धा माणसाला एका गोष्टीत कोंडून ठेवू शकते, हे तुम्हाला इतरांपेक्षा अधिक ठाऊक असायला हवे.

मला पत्रात खटकली ती तुमची आवड नाही. तिने तुम्हाला मोठ्या मनाचा म्हटले आणि तुम्ही गप्प राहिलात, ते खटकले. ज्या मुलीने पोहे अर्धे टाकून उठणारी माणसे पाहिली आहेत, ती तुमच्या येण्याकडे उपकार म्हणून पाहत असेल, तर त्यात तिचा दोष नाही. तिच्यापुढे आजवर दोनच पर्याय ठेवले गेले आहेत, एक नकार आणि दुसरा ‘चालवून घेणे’. तुम्ही यांपैकी कशातच बसत नाही, आणि तरीही तुमच्या मौनामुळे तुम्ही दुसऱ्या रकान्यात जाऊन बसला आहात. उद्या संसारात खटके उडतील, ते सर्वांच्याच संसारात उडतात, तेव्हा ती प्रत्येक वेळी मनाशी म्हणेल की याने माझे डाग पत्करले, मग मी याचा तापटपणा, याची सासुरवाडीकडची टाळाटाळ किंवा याच्या आईचे टोमणे का पत्करू नयेत? तुमच्याकडून तिला जे सुख सहज मिळते आहे, त्याचे हप्ते ती जन्मभर फेडत राहील. हा गैरसमज लग्नाआधी दूर करणे तुमचे कर्तव्य आहे. म्हणून तुमच्या दुसऱ्या प्रश्नाला माझे उत्तर ‘सांगावे’ असे आहे, आणि तेही लवकर.

कसे सांगावे, हे अधिक महत्त्वाचे. सुरुवात आवडीपासून करू नका, तिच्या त्या वाक्यापासून करा. ‘‘तू मला मोठ्या मनाचा म्हणालीस तेव्हा मी गप्प बसलो, ते चुकले. मी काही सोसत नाही की चालवून घेत नाही. तू मला दिसायला आवडतेस आणि त्यात तुझे डागही आले.’’ एवढे पुरे आहे. तुमच्या पत्रात या डागांना दिलेल्या उपमा आहेत. ढग आहेत, बेटे आहेत, नकाशेही आहेत. त्या सर्व वहीतच राहू द्याव्यात असे मी आग्रहाने सुचवते, कारण ज्या माणसाच्या त्वचेला लहानपणापासून रस्त्यावरच्या पोरांनी नाना नावे ठेवलेली असतात, त्याला आणखी एक नाव, मग ते कितीही काव्यमय असो, ऐकण्याची हौस नसते. वाड्यातल्या काकूंची आणि तुमच्या पूर्वीपासूनच्या आवडीची गोष्ट लपवू नका, पण ती पहिल्याच बैठकीत सांगण्याची घाईही करू नका. तिने विचारले की मग सांगा.

आणि ती विचारीलच. ‘मला डाग नसते तर?’ हा प्रश्न येणार, हे गृहीत धरून बसा. ‘तरीही तूच आवडली असतीस’ हे उत्तर जिभेच्या टोकावर असेल, पण गणिताच्या प्राध्यापिकेपुढे ते टिकणार नाही. खरे उत्तर बहुधा असे आहे की, कदाचित पहिल्या भेटीत तुमचे लक्ष तिच्याकडे गेले नसते. पण आज ज्या कारणांनी तुम्हाला तिच्याशी लग्न करायचे आहे, ती कारणे त्या पहिल्या भेटीनंतर साठत गेलेली आहेत. ती कारणे तुम्हाला मोजून सांगता आली पाहिजेत. ती हसेल, रडेल, किंवा रागावून ‘म्हणजे मी तुझ्यासाठी नमुना आहे का?’ असेही विचारील. तिला राग आला तर तिची समजूत घालायला धावू नका. जे तिला जन्मभर लपवायला शिकवले गेले, तेच कुणाला तरी पाहावेसे वाटते, ही बातमी पचायला वेळ लागतो, आणि तो किती लागावा हे तिचे तिने ठरवायचे आहे.

आता त्या शेवटच्या ओळीकडे येते. तिने उपचार घेऊ नयेत, असे तुम्हाला वाटते. ‘कशाला लावतेस?’ हा प्रश्नही त्याच ठिकाणाहून आला होता. तुम्ही तो प्रेमाने विचारला असणार याबद्दल मला शंका नाही, पण तिला त्यात काय ऐकू आले असेल याचा विचार करा: आजवर लोक ‘झाक’ म्हणत होते आणि आता हा ‘झाकू नकोस’ म्हणतो आहे, तिच्या त्वचेविषयी दुसऱ्याच कुणाची तरी आज्ञा चालू आहे, हे मात्र तसेच राहिले आहे. इच्छेविरुद्ध लादण्याविषयी मी वर जे म्हटले, त्याची सुरुवात नेमकी अशा प्रेमळ प्रश्नांतून होते.

कोडाचे स्वरूप थोडे समजून घेतलेत तर तुम्हाला दिसेल की तुमच्या आवडीला इथे हट्ट करून चालणारच नाही. शरीराची प्रतिकारशक्ती स्वतःच्याच रंगद्रव्य बनवणाऱ्या पेशींवर उलटते आणि त्या पेशी नष्ट होतात तिथे त्वचा पांढरी पडते. ही प्रक्रिया वर्षानुवर्षे एका जागी थांबू शकते आणि कुठल्याही पूर्वसूचनेशिवाय पुन्हा सुरूही होऊ शकते. परकराची नाडी घट्ट बसते तिथे, चपलेच्या पट्ट्याखाली, खरचटलेल्या जागी नवे डाग उमटतात. काही थोड्या लोकांमध्ये कोड पसरत पसरत जवळजवळ सगळे अंग एकसारखे पांढरे होते, म्हणजे ज्या दोन रंगांच्या खेळाची तुम्हाला भुरळ पडली आहे तो खेळच संपतो. उलट नॅरोबँड यूव्हीबी हे अतिनील किरणांचे प्रकाशोपचार आठवड्यातून दोन-तीन वेळा असे अनेक महिने घेतले तर चेहऱ्यावर आणि मानेवर रंग परतण्याची शक्यता चांगली असते. बोटांची टोके आणि ओठ मात्र दाद द्यायला फार वेळ लावतात, पुष्कळदा देतच नाहीत. 2022 साली अमेरिकेत रुक्सोलिटिनिब हे मलम खास कोडासाठी मान्य झाले, आणि संशोधन पुढे चाललेलेच आहे. तेव्हा पुढच्या दहा वर्षांत तिच्या पापण्यांभोवतीचा रंग परत येईल, हातांवरचा येणार नाही, किंवा याच्या अगदी उलट काहीतरी होईल. तुम्ही ज्या रूपावर लुब्ध आहात ते स्थिर नाही. तसे ते कुणाचेच नसते, पण तिचे अधिक वेगाने बदलू शकते.

शिवाय तिच्या उपचार घेण्याला तुमच्या आवडीशी काही देणेघेणे नसलेली कारणे असू शकतात. रंगद्रव्य नसलेली त्वचा उन्हात पटकन भाजते. वर्गात शिरताच साठ मुलांच्या नजरा आधी हातांकडे जातात, याचा तिला कंटाळा आला असेल. किंवा तिला स्वतःला डाग आवडत नसतील, बस्स. ज्याप्रमाणे तुम्हाला ते आवडण्याचा हक्क आहे, त्याचप्रमाणे तिला न आवडण्याचा आहे आणि त्वचा तिची असल्यामुळे दोन्हींत तिचा शब्द शेवटचा आहे. उद्या डॉक्टरांकडून आल्यावर तिने आनंदाने मनगट पुढे केले आणि पांढऱ्या भागात उमटलेले तपकिरी ठिपके दाखवले, तर तुमच्या चेहऱ्यावर काय उमटेल? तिथे क्षणभर जरी हिरमोड दिसला तरी तो तिच्या नजरेतून सुटणार नाही. अशा माणसांना इतरांचे चेहरे वाचण्याचा सराव फार लहान वयात झालेला असतो. मनातल्या मनात तुम्हाला हळहळ वाटली तर त्यात पाप नाही. तिचा भार तिच्यावर येऊ देऊ नका, एवढेच. तिच्या त्या आनंदात आपल्याला मनापासून सामील होता येईल की नाही, याचे उत्तर लग्नाची तारीख काढण्याआधी स्वतःशी नक्की करा. ते ‘नाही’ असेल तर तुमची आवड खरी आहे, पण लग्न करण्याइतकी ती मुलगी तुम्हाला आवडलेली नाही, असे मी स्पष्टच म्हणेन.

आईचा प्रश्न यामानाने सोपा आहे, जरी घरात तो सर्वांत मोठा वाटत असला तरी. आईला तुमच्या आवडीचा इतिहास सांगण्याची गरज नाही. तिच्या दयेच्या शंकेला ‘मला ती सुंदर वाटते’ हे चार शब्दांचे उत्तर आहे. आपल्या घरांतून मुलगे आईपुढे हे वाक्य सहसा उच्चारत नाहीत. मुलीचे शिक्षण, स्वभाव, घराणे यांविषयी बोलतात आणि रूपाचा विषय टाळतात. या ठिकाणी तो टाळलात तर दयेचा संशय पक्का होईल, म्हणून न लाजता सांगा.

त्यापुढची आईची भीती कोडाचीच असणार, आणि ती आजची नाही. अथर्ववेदाच्या पहिल्याच कांडात त्वचेवरचे पांढरे डाग घालवण्यासाठी रात्री उगवलेल्या काळ्या वनस्पतीला साकडे घातलेले आहे. इतक्या जुन्या धास्तीला एका रविवारच्या चर्चेत उत्तर मिळणार नाही. तरी तिला काही गोष्टी ठामपणे सांगता येतील. कोड स्पर्शाने, भांड्यांतून, अंथरुणातून, कशानेच पसरत नाही. कुष्ठरोगाशी त्याचा संबंध नाही. कुष्ठरोग जिवाणूमुळे होतो, त्यात चट्ट्यांची संवेदना जाते, आणि तोही आज औषधांनी पूर्ण बरा होतो. 1955 च्या हिंदू विवाह कायद्यात घटस्फोटाचे कारण म्हणून असलेला कुष्ठरोगही 2019 साली वगळण्यात आला. कोड तर त्या यादीत कधीच नव्हते. मुलांविषयी ती विचारील, तर खरे तेच सांगा: कोडात आनुवंशिकतेचा काही भाग असतो, आई किंवा वडिलांना कोड असेल तर मुलांना होण्याची शक्यता इतरांपेक्षा थोडी अधिक असते, पण अशा बहुतेक मुलांना ते होत नाही. हे तुमच्यापेक्षा त्वचारोगतज्ज्ञाने सांगितलेले तिला अधिक पटेल. कोड असलेल्यांची थायरॉईडची तपासणी करून घेतात, त्याविषयीही तिथेच विचारता येईल. घराण्याच्या नावाची काळजी करण्यापेक्षा ही काळजी अधिक उपयोगाची आहे. तुम्ही पुण्यातच राहता, तर डॉ. माया तुळपुळे यांनी तिथे सुरू केलेल्या श्वेता असोसिएशन या स्वमदत गटाविषयीही तिला सांगा. स्वतःला कोड असलेल्या आणि नीट संसार करणाऱ्या बायका तिला समोर बसून बोलताना दिसल्या तर तुमची अर्धी वकिली वाचेल.

बहिणीच्या लग्नाचा मुद्दा ऐकायला वजनदार आहे, पण त्यात तर्क नाही. तुमच्या पत्नीचे आणि तुमच्या बहिणीचे रक्ताचे नातेच नसणार, तेव्हा आनुवंशिकतेचा प्रश्न तिथे उद्भवतच नाही. लोक बोलतील, हे मात्र खरे आहे, आणि एखादे स्थळ त्यापायी मागेही फिरेल. यावर बहिणीचे मत काय आहे, ते तुमच्या पत्रात कुठेच नाही. तिच्या नावाने चाललेल्या या वादात तिला कुणी विचारलेले दिसत नाही. आजच फोन करून विचारा.

एक बारीकशी गोष्ट राहिली. तुमचे लग्न ठरले तर छायाचित्रकार अल्बम तयार करताना कधीतरी तुम्हाला एका बाजूला घेऊन हळूच विचारील की, वहिनींच्या हातांवरचे आणि चेहऱ्यावरचे डाग संगणकावर काढून टाकू का. त्याला त्यात वावगे वाटणार नाही. आजकाल सगळ्यांचेच मुरूम आणि काळी वर्तुळे पुसली जातात. तुमच्या तोंडून तत्क्षणी ‘अजिबात नको’ निघेल. ते गिळा आणि हा प्रश्न तिलाच विचार असे त्याला सांगा. ती ‘राहू द्या’ म्हणाली तर उत्तमच, आणि ‘पुसा’ म्हणाली तर पुसू द्या.